तबकडीची शुद्ध प्रत

गेल्या श्रावणांत जव्हार-मोखाड्याच्या डोंगरांतील वांगणी या गांवीं एका जुन्या स्नेह्यांकडे चार दिवस राहण्याचा योग आला. त्या मुलखांतला पाऊस ज्यानें पाहिला आहे त्यास सांगावयास नको कीं, अशा दिवसांत पाहुण्यानें करावयाचें काम एकच : ओटीवर बसून पागोळ्या ऐकणें नि यजमानांचा चहा पिणें. यजमान सेवानिवृत्त शिक्षक. सारा गांव त्यांस गुरुजी म्हणतो. त्यांच्या एका फडताळांत पुस्तकें आहेत आणि दुसऱ्यांत गाणीं. या दुसऱ्या फडताळांत अब्दुल करीम खांसाहेबांच्या शेजारीं, बीटल्स या नांवानें जगाला ठाऊक झालेल्या चार विलायती तरुणांची 'ॲबी रोड' ही तबकडी उभी असते, आणि तिच्या अंगाला टेकून तिचीच कॉम्पॅक्ट डिस्क. एकाच गाण्यांच्या या दोन प्रती कशासाठीं, असें मीं विचारलें तेव्हां गुरुजी म्हणाले, "ज्ञानेश्वरी घरांत तीन आहेत, त्याबद्दल कधीं विचारलें नाहींत तें!"

त्याच फडताळाच्या तळाशीं, फडक्यांत गुंडाळलेली, एक कॅसेट आहे. सुमारें तीस वर्षांपूर्वीं, नवें भात घरांत आल्यावर, एका रात्रीं गांवांत तारपा-नाच झाला तेव्हां गुरुजींनीं आपल्या टेपरेकॉर्डरवर तो उतरून घेतला होता. दुध्या भोपळ्याचें पोट, त्यांत बसविलेल्या बांबूच्या दोन नळ्या, पुढें ताडाच्या पानांचा कर्णा, आणि हें सारें सांधणारें मेण, असें तें वाद्य. वाजविणारा श्वास तुटूं न देतां फुंकीत राहतो आणि नाचणारे हात गुंफून त्याच्याभोंवतीं फिरतात. कॅसेटवर तारपा आहे; शिवाय पावलांचा धबधब आवाज आहे, दूरचें एक कुत्रें आहे, कोणाच्या तरी मुलाचें रडें आहे, आणि टेपरेकॉर्डरच्या मोटारीची अखंड घरघर आहे. मी तेथें असतांनाच गुरुजींचा भाचा नाशिकहून आला. तो संगणकाच्या कामांतला. कॅसेट ऐकून तो म्हणाला, "मामा, हें एका तासांत साफ करून देतों. कुत्रें, पाय, घरघर, सगळें काढतों; नुसता तारपा ठेवतों." गुरुजी थोडा वेळ कांहीं बोललेच नाहींत. मग म्हणाले, "पाय काढलेस तर तारपा कोणासाठीं वाजत होता तें कसें कळणार?" आणि दोघांनींही निकालासाठीं माझ्याकडे पाहिलें.

मला निकाल देतां आला नाहीं. पण हा प्रश्न एकट्या वांगणीचा नाहीं, एवढें सांगतां आलें. चाळीसांहून अधिक वर्षांपूर्वीं टोकियोंत नि लंडनांत तो फार मोठ्या व्यापाऱ्यांपुढें येऊन उभा राहिला होता, आणि ज्या तबकडीवरून तो उभा राहिला ती गुरुजींच्या फडताळांतच होती. त्या संध्याकाळीं वीज गेली आणि बोलण्यास वेळच वेळ मिळाला. तें बोलणें येथें थोडें नीट मांडून देत आहें.

प्रथम या नव्या तबकडीचा जन्म. नाद म्हणजे हवेचा हेलकावा. जुन्या तबकडीवर या हेलकाव्याची प्रतिमाच खांचेच्या रूपानें कोरलेली असे; सुई त्या वळणावळणानें जाई नि तेंच वळण पुन्हां हवेला देई. नव्या पद्धतींत हेलकाव्याचें चित्र काढीत नाहींत, त्याचें माप घेतात : एका सेकंदांत ४४,१०० वेळां, आणि प्रत्येक माप ६५,५३६ पायऱ्यांपैकीं कोणत्या तरी एका पायरीवर बसवून. ४४,१०० हा आंकडा असा अडनिडा कां, याचें कारण मोठें घरगुती आहे. मापांचा एवढा मोठा पसारा सांठवूं शकेल असें सोयीचें साधन त्या काळीं एकच होतें, तें म्हणजे दूरचित्रवाणीच्या चित्रांची फीत. तेव्हां त्या चित्राच्या ओळींत जेवढीं मापें नीट मावतील तेवढीं घेतलीं. पुढें हीं सारीं मापें बारा सेंटिमीटर व्यासाच्या चकचकीत तबकडीवर अतिसूक्ष्म खळग्यांच्या रूपानें उमटवितात, आणि सुईच्या जागीं प्रकाशाचा किरण तीं वाचतो. तोही आंतून बाहेर, म्हणजे जुन्या सुईच्या अगदीं उलट दिशेनें. घर्षण नाहीं, म्हणून झीज नाहीं. शंभराव्या वेळींही तें पहिल्या वेळेसारखेंच वाजेल, असा त्या वेळचा डांगोरा होता.

फिलिप्स ही हॉलंडची नि सोनी ही जपानची कंपनी, या दोघींनीं मिळून हें माप १९८० सालीं ठरविलें. विक्रीकरितां पहिली तबकडी १७ ऑगस्ट १९८२ रोजीं जर्मनींत हानोव्हरला लागून असलेल्या लांगेनहागेन येथील कारखान्यांत निघाली. हानोव्हर हें नांव वाचून जुन्या ध्वनिमुद्रिकांच्या शोकिनांचे कान टवकारतील. सपाट तबकडीचा जनक एमिल बर्लिनर हा जन्मानें हानोव्हरचाच. १९०२ च्या नोव्हेंबरांत फ्रेड गाइसबर्ग कलकत्त्यास आला नि त्यानें गौहरजानचें गाणें मेणावर उतरविलें, तेव्हां तीं मेणें बोटीनें हानोव्हरलाच गेलीं आणि तेथून तबकड्या होऊन हिंदुस्थानांत परत आलीं. गाणें संपतांच गौहरजान इंग्रजींत आपलें नांव सांगते, तें हानोव्हरच्या कामगारांना कोणती तबकडी कोणाची हें कळावें म्हणून, असें सांगतात. आपल्या देशांत, कलकत्त्याच्या सियालदहला, तबकड्यांचा कारखाना झाला तो १९०८ सालीं. म्हणजे आपल्या गाण्याची पहिली छापील प्रत आणि जगांतील पहिली कॉम्पॅक्ट डिस्क या दोघींचें माहेर एकच.

१ ऑक्टोबर १९८२ पासून जपानांत हीं यंत्रें नि तबकड्या विकूं लागल्या. यंत्र नवें, पण त्यावर वाजवावयाचें काय? नवें गाणें नव्या पद्धतीनें मुद्रित करण्यास वेळ लागतो. गिऱ्हाईक तर लोकप्रिय असें जुनेंच मागतें. म्हणून व्यापारी जुन्या फितींच्या कोठारांकडे वळले. मे १९८३ मध्यें तोशिबा-ईएमआय या जपानी कंपनीनें 'ॲबी रोड' कॉम्पॅक्ट डिस्कवर आणली. किंमत ३,५०० येन. बीटल्सचें एखादें पुस्तकच जणूं नव्या लिपींत छापून निघालें. पण तें फार दिवस दुकानांत राहिलें नाहीं. लंडनच्या मूळ कंपनीची नि बीटल्सच्या 'ॲपल' संस्थेची या आवृत्तीला संमतिच नव्हती. त्या दोघांत मानधनावरून १९७९ पासून कज्जा चालू होता आणि अशा वेळीं एखाद्या शाखेनें परस्पर आवृत्ति काढावी, हें कोणासच परवडणारें नव्हतें. तबकडी मागें घेण्यांत आली. ज्यांच्या हातीं ती अगोदर लागली त्यांच्याकडून पुढें संग्राहक ती दामदुपटीहून अधिक देऊन घेऊं लागले.

येथें प्रश्न असा कीं, ही जपानी तबकडी कशावरून उतरली? लंडनची मूळ फीत अशा शाखांकडे जात नसे. जाई ती तिची नक्कल. आणि नक्कल म्हणजे काय हें समजण्यासाठीं जुन्या कारागिराची अडचण समजली पाहिजे. लांब वाजणाऱ्या तबकडीवर खर्जाचा स्वर फार रुंद वळण घेतो. तो तसाच कोरला तर सुई खांचेंतून उडते नि शेजारच्या ओळीवर जाऊन पडते. तीव्र स्वर तबकडीच्या मध्याकडे गेले कीं किरकिरतात. म्हणून कोरणारा खर्ज थोडा आंवरी, वरचा स्वर थोडा मोडी, आणि पुढच्या वेळीं श्रम नकोत म्हणून ही आंवरलेली फीतच वेगळी करून ठेवी. जुन्या तबकडीसाठीं ही तडजोड योग्यच होती. पण कॉम्पॅक्ट डिस्कच्या पहिल्या चार-पांच वर्षांत अनेक कंपन्यांनीं घाईघाईनें जी हाताशीं होती ती फीत उचलली, आणि तींत तिसऱ्या-चौथ्या हाताच्या नकला नि खांचेसाठीं दाबलेल्या फिती निघाल्या. सुईची अडचण नाहींशी झाली, पण सुईसाठीं घातलेला लगाम तसाच राहिला! ऐकणारे म्हणूं लागले, डिजिटल नाद कोरडा आहे, धारदार आहे, त्यांत ऊब नाहीं. दोष लिपीचा नव्हता; मूळ कोणती पोथी समोर ठेवली याचा होता.

कंपन्यांना हें कळत नव्हतें असें नाहीं. त्या काळच्या पुष्कळ तबकड्यांच्या वेष्टनावर बारीक अक्षरांत एक सूचना आढळते : मूळ मुद्रण जुन्या यंत्रावरचें आहे, तें शक्य तितकें जसेंच्या तसें राखलें आहे, परंतु ही तबकडी इतकी सूक्ष्म आहे कीं मूळ फितीचीं न्यूनें तींत उघडीं पडतील, असा तिचा आशय. ही सूचना वाचली कीं मला आपल्या पोथ्यांच्या शेवटची लेखकाची विनवणी आठवते. जशी पोथी समोर होती तशी उतरली, शुद्ध-अशुद्ध कांहीं असेल त्याचा दोष आपल्या माथीं मारूं नये, असें म्हणून तो बिचारा पाठ मोडून, मान वांकवून केलेलें काम वाचकाच्या हवालीं करतो. हानोव्हरच्या कारखान्यांतील आणि पैठणच्या वाड्यांतील नकलनविसांची भाषा इतकी एक असावी, याची मौज वाटते. फरक एवढाच कीं, आपला लेखकु पोथी कोणाची, कोठली, हें बहुधा सांगतो. कंपन्या तें क्वचितच सांगत.

बीटल्सची अधिकृत डिजिटल आवृत्ति १९८७ च्या फेब्रुवारींत सुरू झाली आणि 'ॲबी रोड'ची पाळी ऑक्टोबरांत आली. या वेळीं काम लंडनांत झालें. मूळ संयोजक जॉर्ज मार्टिन यांचा त्यांत हात होता. पहिल्या चार संग्रहांना दोन कानांचें रूप न देतां त्यांनीं ते मूळच्या एकेरी रूपांत काढविले. लोक कुरकुरले, तरी मला त्यांचा हा आग्रह पटतो, कारण १९६३ च्या सुमारास त्या मुलांनीं ऐकून पसंत केलें होतें तें हेंच रूप. पण याच मार्टिनसाहेबांनीं 'हेल्प!' आणि 'रबर सोल' या दोन संग्रहांचें मिश्रण मात्र नव्यानें केलें. ग्रंथकर्त्याचा सहकारीच संपादक झाला कीं आपला पाठ सुधारण्याचा मोह त्यास आंवरत नाहीं. आणि त्यास अडविणार कोण?

येथें एकनाथांची आठवण झाल्यावांचून राहत नाहीं. ज्ञानेश्वरीच्या प्रतींत तीन शतकांत पाठभेद शिरले होते. शके १५०६ मध्यें, म्हणजे १५८४ सालीं, नाथांनीं प्रती मिळवून, ताडून ग्रंथ शुद्ध केला, आणि पुढें कोणी आपली ओवी त्यांत मिसळूं नये असें बजावून ठेविलें. तरीही १९०९ सालीं इतिहासाचार्य राजवाड्यांनीं पाटांगण येथें मिळालेल्या पोथीवरून एकनाथपूर्व म्हणून निराळी ज्ञानेश्वरी छापलीच. तिच्यावरून विद्वानांत जो वाद माजला तो प्रसिद्ध आहे. १९८३ ची मागें घेतलेली जपानी तबकडी ही संग्राहकांची राजवाडे-प्रत आहे. ती १९८७ च्याही आधींची, तिच्यावर नंतरच्या संपादकांचा हात फिरलेला नाहीं, फितीची सळसळ तिच्यांत पुसलेली नाहीं, असें तिचें कौतुक करतात. जुनी म्हणून ती शुद्धच, हा त्यांचा तर्क मला मान्य नाहीं. ती नकलेवरून उतरलेली नक्कल आहे. पण ती लबाड नाहीं, एवढें मीही म्हणेन. तिनें कांहीं लपविलेलें नाहीं.

सळसळीवरून आठवलें. 'ॲबी रोड'च्या पहिल्या बाजूचें शेवटचें गाणें सुमारें पावणेआठ मिनिटांचें आहे. त्याच्या उत्तरार्धांत वाऱ्याचा घोंघावा हळूहळू चढत जातो आणि गाण्यावर पसरतो. हा वारा खरा नव्हे. मूग नांवाच्या तेव्हां नव्या असलेल्या विद्युत्-वाद्यांतून मुद्दाम काढलेला तो निव्वळ गोंगाट आहे. ऐन भरांत असतांना लेननच्या सांगण्यावरून फीत कातरीनें कापली, आणि गाणें दार आपटावें तसें थांबतें. आतां कल्पना करा कीं, एखाद्या उत्साही तंत्रज्ञानें सळसळ काढणारें यंत्र या गाण्यावर चालविलें. यंत्रास फितीची सळसळ आणि लेननचा वारा यांतला भेद कसा कळावा? दोन्ही गोंगाटच. भाच्याला मीं हें सांगितलें तेव्हां तो हंसला, पण गप्प बसला.

त्याच ठिकाणीं डिस्कनें आणखी एक गोष्ट नकळत घालविली. जुन्या तबकडीवर गाणें असें तुटल्यावर ऐकणाऱ्यानें उठावयाचें, तबकडी उलटावयाची, सुई ठेवावयाची. मधल्या त्या अर्ध्या मिनिटाच्या शांततेनंतर हॅरिसनचें सूर्योदयाचें कोवळें गाणें सुरू होई. डिस्कला दुसरी बाजू नाहीं. तेथें दोन-चार सेकंदांतच ऊन पडतें. नाटकांतला अंक-पडदा काढून टाकून दोन प्रवेश जोडून द्यावे तसें तें होतें. यांत कोणाची चूक म्हणतां येत नाहीं. पण पाठ शुद्ध राहूनही ग्रंथ बदलतो, याचें हें ढळढळीत उदाहरण.

आणि याच संग्रहाच्या शेवटीं नकलनविसाच्या सचोटीचें एक सुरेख उदाहरणही आहे. दुसऱ्या बाजूच्या गाण्यांची सांखळी जुळवितांना मॅकार्टनीला तेवीस सेकंदांचें एक चिमुकलें गाणें मधें नको वाटलें. टाकून द्या, असें तो म्हणाला. फीत जोडणारा जॉन कर्लंडर हा तरुण मदतनीस. मुद्रित झालेलें कांहींच फेंकावयाचें नाहीं, अशी स्टुडिओची शिस्त. त्यानें तो तुकडा उचलून, मधें कोरी फीत लावून, अगदीं शेवटीं चिकटवून ठेविला. पुढें तो तसाच ऐकण्यांत आला नि सर्वांना आवडला. म्हणून संग्रह संपल्यावर सुमारें चौदा सेकंदांची शांतता, आणि मग अचानक तें गाणें. मूळच्या वेष्टनावर त्याचें नांवही नव्हतें. गंमत अशी कीं, कापतांना आधींच्या गाण्याचा शेवटचा ठोका त्याच्या आरंभीं लागून आला आणि त्याचा स्वतःचा शेवटचा स्वर पुढच्या गाण्याच्या पोटांत राहिला. स्थानभ्रष्ट झालेली ओवी कोठून सुटली हें भाषापंडित जसें तिच्या टोकांवरून ओळखतात, तसें या दोन टोकांवरून त्या गाण्याचें मूळ स्थान ओळखतां येतें. डिस्क करतांना कोणा नीटनेटक्या माणसानें ती शांतता नि तो अर्धवट ठोका 'दुरुस्त' केला असता तर हा पुरावा गेला असता. सुदैवानें १९८३ च्या आवृत्तींतही तो राहिला, १९८७ च्याही.

हें सारें टोकियो-लंडनचें झालें. आपल्या मुंबईचें काय? मुंबईचाही या इतिहासांत एक आवाज आहे, आणि तो अक्षरशः आवाजच आहे. जानेवारी १९६८ मध्यें जॉर्ज हॅरिसन मुंबईंत आला आणि फोर्टांतील फिरोजशहा मेहता मार्गावरच्या एच. एम. व्ही. च्या स्टुडिओंत त्यानें 'वंडरवॉल' या चित्रपटासाठीं आपल्याकडील कलावंतांना घेऊन मुद्रण केलें. शिवकुमार शर्मांचा संतूर, हरिप्रसाद चौरसियांची बांसरी, आशिष खांचा सरोद ही त्यांतलीं मोठीं नांवें. दोन मार्गांनीं मुद्रण करणारें यंत्र तेथें नव्हतें म्हणून ग्रामोफोन कंपनीचे भास्कर मेनन यांनीं तें कलकत्त्याहून आगगाडीनें मुंबईस आणलें. (हेच मेनन १९७८ पासून १९९० पर्यंत ईएमआयच्या जगभरच्या संगीत-व्यवसायाचे मुख्य होते; म्हणजे तोशिबाची तबकडी निघाली नि मागें घेतली गेली तेव्हां त्या अवाढव्य घराचे कारभारी आगगाडीनें यंत्र आणणारे हे गृहस्थ होते!) स्टुडिओला बाहेरचा आवाज अडविणाऱ्या भिंती नव्हत्या. हॅरिसननेंच पुढें सांगितलें आहे कीं, कचेऱ्या सुटल्या कीं जिन्यावरून उतरणाऱ्यांच्या पायांचा आवाज येई नि काम थांबवावें लागे. आणि नीट कान दिला तर त्या तबकडीवर रस्त्यावरच्या टॅक्सी ऐकूं येतात.

त्याच मुक्कामांत, १२ जानेवारीस, चित्रपटाबाहेरचें एक गाणें मुद्रित झालें : 'दि इनर लाइट'. शब्दांचा मूळ आधार चीनचा ताओ-ते-चिंग. तो सुचविणारा हुआन मास्कारो हा संस्कृतचा स्पॅनिश पंडित. वादन मुंबईकर मंडळींचें. हॅरिसनचा गळा फेब्रुवारींत लंडनांत चढविलेला. मार्च १९६८ मध्यें तें एका लहान तबकडीच्या मागच्या बाजूस प्रसिद्ध झालें. मागच्या बाजूचें गाणें म्हणजे पोथीच्या पुठ्ठ्यावरचें टिपण. संग्रहांत त्यास जागा नव्हती. १९८८ च्या मार्चांत अशा सुट्या गाण्यांचा डिजिटल संग्रह निघाला त्यांत तें आलें, आणि मुंबईच्या त्या खोलीचा नाद प्रथमच आंकड्यांत उतरून जगभर गेला. 'वंडरवॉल म्यूझिक' हा संग्रह १९९२ मध्यें डिस्कवर आला. २०१४ च्या आवृत्तींत 'दि इनर लाइट'चें गळ्यावांचूनचें एक निराळें मुद्रणही जोडलें. फोर्टांतल्या १९६८ च्या संध्याकाळी आतां कोठें ऐकावयास मिळणार? त्या थोड्याबहुत त्या तबकडीच्या मागें उरल्या आहेत. ज्यानें त्या 'साफ' केल्या नाहींत त्याचे मी तरी आभार मानतों.

बीटल्सच्या बाबतींत निदान मूळ फीत शिल्लक होती, म्हणून चूक दुरुस्त करतां आली. २००९ सालीं त्यांचें सर्व काम पुन्हां मूळ फितींवरून उतरलें. चार वर्षें खपून. तेव्हां सळसळ काढण्याचें यंत्र हाताशीं असूनही ५२५ मिनिटांपैकीं पांच मिनिटांपेक्षां कमी भागावर त्यांनीं तें वापरलें. आपल्या जुन्या गाण्यांस हें भाग्य नाहीं. १९२५ पूर्वीं गायक कर्ण्यांत तोंड घालून गाई, सुई थेट मेणावर कोरी, आणि धातूचा सांचा करतांना तें मेण कामांतून जाई. फीत नव्हतीच. आज बहुधा घरोघरच्या त्या लाखेच्या तबकड्याच मूळ पोथ्या होत. मुंबईंत १९९० सालीं स्थापन झालेल्या सोसायटी ऑफ इंडियन रेकॉर्ड कलेक्टर्स या संस्थेच्या हौशी मंडळींनीं त्या जमवून, ऐकून, सूची करून जें राखलें त्याची थोरवी येथें आहे.

या तबकड्या आंकड्यांत उतरवितांना पहिली फसगत खरखरीची नव्हे, वेगाची असते. ७८ फेऱ्यांची म्हणून जी ओळखतात ती जुनी तबकडी दर वेळीं ७८ वरच मुद्रित झालेली असे असें नाहीं. ७२ वर कोरलेली तबकडी कोणी ७८ वर फिरविली तर पांढरी एकमधला गायक काळी एकच्याही वर चढतो, विलंबित मध्य होतो, आणि गळा पोरगेला लागतो. मग आपण म्हणतों, त्या काळीं लोक फार उंच पट्टींत गात! दुसरी फसगत खरखरीची. लाखेची खरखर नि 'स', 'श'चा उच्चार हे नादाच्या एकाच मजल्यावर राहतात. एक हांकलला कीं दुसराही जातो. खांसाहेबांचा स्वर दुलई पांघरल्यासारखा ऐकूं येऊं लागतो आणि ऐकणारा म्हणतो, वा, काय स्वच्छ आहे! आणि गाण्याअखेर स्वतःचें नांव सांगणारी गौहरजान? तें गाणें नव्हे म्हणून तो अर्धा क्षण कापून टाकणें किती सोपें!

वीज आली तेव्हां रात्रीचे नऊ वाजून गेले होते. भाच्यानें कॅसेट लावली. प्रथम तिची जशीच्या तशी प्रत घ्यावयाची, तीस हात लावावयाचा नाहीं. साफसफाई करावयाची ती दुसऱ्या प्रतीवर, आणि तिच्यावर तसें लिहून, असें ठरलें. वेगाचा प्रश्न येथेंही निघालाच. जुना टेपरेकॉर्डर किंचित मंद चालत असे, असें गुरुजींना आठवलें, पण किती मंद हें सांगणार कोण? तारपा तर दरवर्षीं नव्या भोपळ्याचा, त्याची पट्टी दरवर्षीं निराळी. शेवटीं तो प्रश्न तसाच ठेविला नि प्रतीच्या टिपणांत नोंदला. गुरुजींनीं स्वतःच्या हातानें एका कागदावर गांव, ऋतु, वाजविणाऱ्याचें नांव, यंत्राची जात हें सारें लिहिलें. कुत्रें कोणाचें होतें तेंही ते लिहूं लागले, तेव्हां भाचा म्हणाला, "मामा, आतां पुरे."

सगळी बाजू आम्हीं ऐकली. तारपा थांबला, पावलें थांबलीं, माणसें बोलूं लागलीं, आणि फीत संपण्याच्या जरा आधीं, माइकच्या अगदीं जवळून, दमलेल्या श्वासांत एक प्रश्न आला : "पुरे का, गुरुजी?" तो वाजविणारा आतां हयात नाहीं. गुरुजींनीं कॅसेट एवढी वर्षें ऐकली होती, पण नाच संपला कीं बंद करीत. हें वाक्य तेथें आहे हें त्यांस ठाऊक नव्हतें. भाच्यानें मागें नेऊन तें पुन्हां एकदां लावलें, आणि मग प्रत कोठें संपवावयाची तें न विचारतां फीत टोकापर्यंत जाऊं दिली.